फायबर: दुपारी लाल लाईट, रात्री नेट चालू. नेमकं कुठं तपासायचं?

सेलूकर

सेलू तालुक्यातल्या गावात घरगुती फायबर जोडणी आहे. एप्रिल लागल्यापासून रोज दुपारी बाराच्या सुमारास ओएनयूवर (घरातलं फायबरचं यंत्र) एलओएसची, म्हणजे उजेड येत नसल्याची, लाल लाईट लागते आणि दिवस मावळला की आपोआप जाते. ओएनयू बदलून झाला, फरक शून्य. ओएनयूच्या सेटिंगच्या पानावर पॉवर सकाळी सातला -२५.८ डीबीएम दिसते, अकराला -२६.९ (वजा आकडा जितका मोठा, तितका उजेड कमी). त्यापुढं लाईनच जाते. खांबावरच्या डब्यापासून घरापर्यंत अंदाजे १२० मीटर ड्रॉप केबल (खांबावरून घरात येणारी शेवटची केबल) आहे, शेवटचा तुकडा पत्र्याच्या कडेनं आलेला. बाहेरच्या भिंतीवर कपलर (दोन टोकं जोडायचा सांधा), तिथून ३ मीटरचा पॅचकॉर्ड (दोन्ही टोकांना कनेक्टर असलेली तयार वायर) आत. सर्व्हिसवाले म्हणतात मेन लाईनचा प्रॉब्लेम आहे. पॉवर मीटर उसना मिळतोय. कुठून सुरुवात करू?

स्प्लायसर_परभणी

मीटर मिळतोय म्हणजे निम्मं काम झालं. ओएनयू बदलून यात काही होत नसतं. जीपॉन म्हणजे एकच फायबर अनेक घरांत वाटायची पद्धत. तिच्या बी प्लस वर्गात ओएनयूला -८ ते -२७ डीबीएम या दरम्यान उजेड लागतो. -२७ च्या खाली गेलं की लाल लाईट. तुमची लाईन सकाळीच काठावर उभी आहे, उन्हानं एक-दीड डीबी खाल्ला की पडते. म्हणजे ऊन हे निमित्त. खरा प्रश्न असा की सकाळी तरी -२५.८ का?

आधी किती यायला पाहिजे ते काढा. उदाहरण म्हणून तालुक्याच्या गावी ओएलटी (कंपनीकडचं मुख्य यंत्र) आहे आणि तिथून +४ निघतंय असं धरू. ९ किमी फायबर, १४९० नॅनोमीटरला (घराकडं येणाऱ्या नेटच्या उजेडाची तरंगलांबी) किमीमागं ०.२५ धरा, म्हणजे सव्वादोन डीबी गेले. पहिला स्प्लिटर (उजेड अनेक फांद्यांत वाटणारा भाग) १:४ चा, ७.३ गेले. दुसरा १:८ चा, १०.५ गेले. चार कनेक्टर, प्रत्येकी ०.३, म्हणजे १.२. मशीननं काच वितळवून केलेले आठ जॉइंट प्रत्येकी ०.०५, म्हणजे ०.४. एकूण साडेएकवीसच्या वर थोडं. घरी -१७.५ च्या आसपास यायला हवं. एखादा डीबी इकडंतिकडं चालतो. तुमच्याकडं ८ डीबी जास्तीचे गळायलेत, आणि एवढी गळती एका-दोन ठिकाणीच असते, सगळ्या लाईनभर पसरलेली नसते.

स्प्लिटरचे आकडे पाठ करून ठेवा: १:२ ला ३.६, १:४ ला ७.३, १:८ ला १०.५, १:१६ ला साधारण १४, १:३२ ला १७. गावात बऱ्याच ठिकाणी स्प्लिटरऐवजी ९०:१० किंवा ८०:२० असा उजेड वाटणारे कपलर (भिंतीवरचा कपलर वेगळा) एकामागून एक लावत लाईन नेलेली असते. तिथं दहा टक्क्यांच्या पायाला जवळपास ११ डीबी जातात आणि नव्वदच्या पायाला पाऊण डीबीही जात नाही. तुमच्या गावात काय आहे ते डबा उघडल्यावर कळेल.

आता मोजणी अशी करा. मीटर १४९० वर ठेवा. ८५० किंवा १३१० वर राहिला तर आकडा चुकीचा येतो. पहिलं माप खांबावरच्या डब्यात स्प्लिटरच्या रिकाम्या आउटपुटवर घ्या. इनपुट काढू नका, आठ घरांचं नेट जाईल. दुसरं माप ड्रॉपच्या घराकडच्या टोकावर, कपलरमधून काढून. तिसरं पॅचकॉर्डच्या टोकावर, ओएनयूमधून काढून. तिन्ही मापं सकाळी एकदा आणि भर दुपारी एकदा. प्रत्येक वेळी टोक स्पिरिटनं नाही, ९९ टक्के आयसोप्रोपिल अल्कोहोलनं आणि दोरा न सुटणाऱ्या कागदानं पुसा. काचेची जाडी १२५ मायक्रॉन, त्यातला उजेडाचा गाभा ९ मायक्रॉन. आपल्याकडच्या फुफाट्याचा एक कण तिथं बसला तरी डीबी-दोन डीबी जातात.

गोदाकाठ

वरच्यात एक भर, कारण इथं भलेभले फसतात. गावातला केबलवाला त्याच फायबरवर टीव्हीचा सिग्नल देत असेल तर तो १५५० वर असतो आणि नेटपेक्षा कितीतरी जोरात असतो. साधा पॉवर मीटर दोन्ही उजेड एकत्र मोजतो, तुम्ही बटण १४९० वर ठेवलं तरी. मग मीटरवर -५ दिसतं आणि ओएनयूवर लाल लाईट. अशा लाईनीला फिल्टरवाला पॉन मीटर लागतो, जो १४९० आणि १५५० वेगळे दाखवतो. तो नसेल तर ओएनयूच्या पानावरचा आकडा खरा माना.

आणि टोकात डोळा घालून बघू नका. १३१०, १४९०, १५५० यातलं काहीच दिसत नाही. दिसत नाही म्हणून पापणी मिटत नाही, आणि टीव्हीच्या अ‍ॅम्प्लिफायरमधून निघणारा उजेड डोळ्याला इजा करू शकतो.

सेलूकर

टीव्ही या लाईनीवर नाही, विचारून घेतलं. डब्यात १:८ चा स्प्लिटर आहे. मापं:

सकाळी: डबा -१७.४, ड्रॉपचं टोक -२२.१, पॅचकॉर्डचं टोक -२५.७
दुपारी दीडला: डबा -१७.५, ड्रॉपचं टोक -२४.०, पॅचकॉर्डचं टोक -२७.६

भिंतीवरचा कपलर हिरवा आहे. पॅचकॉर्ड पिवळा, दोन्ही टोकं निळी. ओएनयूचं छिद्रही निळं.

स्प्लायसर_परभणी

मेन लाईन निर्दोष सुटली. डब्यावर सकाळ-दुपार ०.१ चा फरक म्हणजे काहीच नाही. बिघाड तुमच्या १२० मीटरमध्ये आहे आणि दोन वेगवेगळे आहेत.

कपलरच्या अलीकडं-पलीकडं ३.६ जातात, सकाळीही आणि दुपारीही तेवढेच. हे हिरव्या-निळ्याचं लग्न आहे. हिरवा एपीसी, त्याचं तोंड ८ अंशांनी तिरकं घासलेलं असतं. निळा यूपीसी, त्याचं तोंड सरळ. दोन्ही एकाच कपलरमध्ये बसतात, टक्क असा आवाजही येतो, पण काचेला काच टेकत नाही, मधे फट राहते. तिथं तीन-चार डीबी जातात आणि उजेड उलटा फिरतो तो वेगळा. एका बाजूला हिरवं, दुसऱ्या बाजूला निळं टोक असा एपीसी-यूपीसी पॅचकॉर्ड आणा. हिरवं टोक कपलरला, निळं ओएनयूला. ओएनयूचं छिद्र हिरवं असतं तर दोन्ही टोकं हिरवी लागली असती. हिरव्याच्या जागी निळं ठोकून बसवू नका.

दुसरं, ड्रॉपमध्ये सकाळी ४.७ आणि दुपारी ६.५ जातात. १२० मीटर काचेत ०.०३ डीबीच जायला हवेत. उन्हानं वाढतंय म्हणजे एकतर टोकाचा फास्ट कनेक्टर (मशीनशिवाय जागेवर बसवायचा) ढिला आहे नाहीतर केबल कुठंतरी मुडपलीय. तापल्यावर काळं प्लॅस्टिक लांबतं, गार झालं की आखडतं, आतली काच मात्र जवळपास तेवढीच राहते. जॅकेटची पकड नीट नसेल तर कनेक्टरमधलं काचेचं टोक मागं सरकतं.

दिवेलागणीला लाल लेझर पेन लावा. दुपारच्या उन्हात त्याचा उजेड दिसत नाही. ड्रॉपचं टोक डब्यातून काढून तिथून मारा आणि घराकडं बघत या. कुठं लाल चमकतंय ते सांगा. काळ्या जॅकेटमधून उजेड बाहेर येत नाही, म्हणून मधली लाईन हातानं चाचपत या: खिळ्याची क्लिप, पत्र्याची धार, आवळून बांधलेली तार.

सेलूकर

भिंतीकडच्या कनेक्टरच्या मानेत लाल चमकतंय, चांगलंच. पत्र्याच्या कोपऱ्यावर केबल काटकोनात वळवून खिळ्याच्या क्लिपनं दाबलीय.

स्प्लायसर_परभणी

दोन्ही काढा. कोपऱ्यावर साधारण हाताच्या मुठीएवढा गोल वळसा द्या. ड्रॉपमधला फायबर जी.६५७ए२ असेल तर साडेसात मिलिमीटर त्रिज्येपर्यंत तग धरतो, ए१ असेल तर १० मिमी, आणि जुना जी.६५२डी असेल तर ३० मिमी लागतात. जॅकेटवर छापलेलं असतं, वाचून घ्या. मुठीचा वळसा तिन्हींना चालतो. केबल पत्र्याला टेकू देऊ नका, दोन बोटं अंतर ठेवून भिंतीवरून घ्या.

कनेक्टर नवीन लावा. जमत असेल तर फास्ट कनेक्टरऐवजी हिरवा पिगटेल (एका टोकाला तयार कनेक्टर असलेला तुकडा) मशीनवर जोडून घ्या आणि जॉइंट भिंतीवरच्या छोट्या डबीत ठेवा. आपल्या हवेत तोच टिकतो. फास्ट कनेक्टरच लावायचा असेल तर हा क्रम मोडू नका.

मागची टोपी आधी केबलमध्ये ओवा, नंतर ती जात नाही. जॅकेट ५ सेंटीमीटर फाडा. दोन्ही बाजूंच्या पांढऱ्या एफआरपी (काचतंतू-प्लॅस्टिकच्या) काड्या किंवा पोलादी तारा जॅकेटबरोबर कापा. आता २५० मायक्रॉनचं रंगीत आवरण स्ट्रिपरनं एका झटक्यात काढा. तीनदा ओढलं तर काचेवर चरे पडतात आणि महिन्याभरात तिथंच तुटते. अल्कोहोलनं दोनदा पुसा, दुसऱ्या वेळी करकर असा आवाज यायला हवा. कनेक्टरसोबत लांबीची पट्टी येते, तिच्यात ठेवून क्लीव्हरनं (काच सरळ कापायचं यंत्र) कापा. चिमट्यानं किंवा ब्लेडनं कापलेलं टोक कधीच चालत नाही. कापल्यावर पुन्हा पुसू नका, कुठं टेकवू नका. कनेक्टरमध्ये सरकवा, आत टेकलं की मागं काचेला किंचित कमान येते. ती कमान तशीच ठेवून लॉक दाबा, मग टोपी घट्ट करा. कमान आली नाही तर काच आत पोचलेली नाही, पुन्हा कापा. तुटलेले काचेचे तुकडे चिकटपट्टीवर गोळा करा. अंगणात पडले तर लेकराबाळांच्या पायात जातात आणि काढता येत नाहीत.

सेलूकर

पिगटेल मशीनवर जोडून घेतला, पॅचकॉर्ड बदलला, कोपरा मोकळा केला. सकाळी -१८.०, दुपारी दोनला -१८.१.

बालाघाट

छान झालं. खांबावरून ड्रॉप ओढणाऱ्यांसाठी थोडं, कारण अर्ध्या तक्रारी ओढतानाच पेरल्या जातात.

ड्रॉप केबलच्या तिसऱ्या जाड तारेवर ताण घ्यायचा असतो, काच असलेल्या चपट्या भागावर नाही. दोन्ही टोकांना १०-१५ सेंटीमीटर जाड तार वेगळी फाडून क्लॅम्पला गुंडाळा, चपटा भाग ढिला सोडा. एका ताणात ५० मीटरच्या वर जाऊ नका, मधे टेकू घ्या. कडक उन्हाळ्यात केबल ओढून तंग केली की थंडीत ती आखडून डब्यातून कनेक्टर उपसते, म्हणून थोडा झोळ ठेवाच. डब्याजवळ आणि घराजवळ दोन-दोन मीटरचा लूप ठेवा. पुढं कनेक्टर बदलताना तोच कामी येतो.

रस्ता ओलांडताना मधोमध ६ मीटर तरी उंची ठेवा. बीड, परळी, अंबाजोगाई पट्ट्यात कारखाने चालू झाले की उसाच्या डबल ट्रॉल्या आणि कडब्याच्या गाड्या केबल घेऊनच जातात. केबल दिसायला शाबूत राहते, पण आत काच ताणून तुटलेली असते आणि तीही गाडी अडकली तिथं नाही, दोन्हीकडच्या क्लॅम्पपाशी. अशा वेळी आधी क्लॅम्पच बघा.

महावितरणच्या खांबावर परवानगीशिवाय चढू नका. परवानगी असली तरी विजेच्या तारांपासून लांब, खालच्या अंगानंच बांधा. जाड तार पोलादी असेल तर ती घराबाहेरच्या हुकापाशीच कापायची, आत न्यायची नाही. काचेतून वीज जात नाही, पण पोलादी तारेतून वळवाच्या पावसातली वीज थेट ओएनयूपर्यंत येते. एफआरपीची ड्रॉप केबल मीटरमागं थोडी महाग पडते, तरी आपल्याकडं तीच घ्यावी असं माझं ठाम मत आहे.

काळी_माती

जमिनीतल्या केबलबद्दल कुणी बोललं नाही, आणि जालना-परभणी-हिंगोलीत खरा त्रास तिथं आहे. काळी जमीन पावसात फुगते, उन्हाळ्यात हातभर खोल भेगा देते. पाईप उथळ असेल तर त्या भेगेत ताणला जातो आणि जोडावर सुटतो. ग्रामपंचायतीपर्यंत येणाऱ्या भारतनेटच्या (सरकारी ग्रामीण फायबर) लाईनीला ४० मिमीचा पीएलबी पाईप (केबलसाठीचा आतून गुळगुळीत प्लॅस्टिकचा) खोल टाकलेला असतो. शेतातून खासगी लाईन नेताना तोच पाईप किमान एक मीटर खाली टाका, खाली-वर चार बोटं मुरूम किंवा वाळू भरा आणि अर्ध्या उंचीवर पिवळी-केशरी इशाऱ्याची पट्टी अंथरा. नांगर एक-दीड फुटापर्यंत येतो, पण ठिबकच्या पाईपलाईनीसाठी जेसीबी तीन फूट सहज खणतो. खणायच्या आधी ‘कॉल बिफोर यू डिग’ या सरकारी अ‍ॅपवर नोंद करता येते, ते २०२३ पासून चालू आहे. खणणाऱ्या ठेकेदाराला त्याची सवय लावणं आपल्याच हिताचं आहे.

जेसीबीनं तुटलेली केबल दिसली की लगेच तुटल्या जागी जोडू नका. बकेटनं केबल ओढलेली असते, काच दोन्ही बाजूंना काही मीटर आतपर्यंत फुटलेली असू शकते. दोन्ही टोकांवर ओटीडीआर (काचेत उजेड सोडून दोषाचं अंतर सांगणारं यंत्र) लावून चांगली काच कुठून सुरू होते ते बघा. जवळच्या चेंबरमध्ये (जमिनीतला केबलचा हौद) लूप असेल तर तो ओढून एकाच जॉइंटमध्ये भागतं. नसेल तर २०-३० मीटरचा नवा तुकडा आणि दोन जॉइंट.

ओटीडीआरचा आकडा आणि रस्त्यावरचं अंतर कधीच जुळत नाही. तो काचेची लांबी मोजतो, त्यात प्रत्येक चेंबरचे लूप आले. म्हणून कुठल्या चेंबरला किती मीटर लूप आहे त्याची वही ठेवा. एकच दोष १३१० वर कमी आणि १५५० वर जास्त दिसला तर तिथं केबल मुडपलीय. दोन्हीकडं जवळपास सारखाच दिसला तर जॉइंट खराब आहे. चालू लाईनीवर ओटीडीआर मारायचा तर १६२५ किंवा १६५० चा फिल्टरवाला लागतो, साधा मारला तर गिऱ्हाईकांचं नेट जातं.

केबलमधल्या काचेच्या तंतूंच्या (कोरच्या) रंगांचा क्रम निळा, नारिंगी, हिरवा, तपकिरी, राखाडी, पांढरा, लाल, काळा, पिवळा, जांभळा, गुलाबी, अ‍ॅक्वा. २४ कोरच्या केबलमध्ये बहुधा एकाहून जास्त नळ्या असतात, आधी नळीचा रंग बघा, मग कोरचा.

गोदाकाठ

जॉइंट क्लोजर (जोड ठेवायची बंद पेटी) जमिनीतल्या चेंबरमध्ये ठेवणं टाळता आलं तर टाळा. काळ्या जमिनीत चेंबर जुलै ते ऑक्टोबर पाण्यानं भरलेलं असतं. घुमटाचं क्लोजर खांबावर, केबलचं तोंड खाली करून टांगा. आणि पाईपची तोंडं बुजवा. उंदीर पाईपमधूनच आत येतात, आणि खांबावर खारी केबलचं प्लॅस्टिक कुरतडतात.

माळवद

लाल लाईट नाही, पॉवर -१९, तरी १०० एमबीपीएसच्या प्लॅनला मोबाईलवर ३०-४० मिळतात. घर जुनं, दोन फुटी पांढऱ्या मातीच्या भिंती. ओएनयू देवघराशेजारच्या कोनाड्यात.

स्प्लायसर_परभणी

फायबर ठीक आहे, दोष वायफायचा. खात्री करायला लॅपटॉप लॅन केबलनं ओएनयूला जोडा आणि वेग बघा. ९०-९५ आले तर विषय मिटला. प्लॅन १०० च्या वरचा असेल आणि तरी ९५ लाच अडकत असेल तर केबलमधल्या आठही तारा जोडल्यात का बघा. चारच जोडल्या की १०० च्या वर जात नाही.

दोन फुटी मातीच्या भिंतीपलीकडं ५ गिगाहर्ट्झ जवळपास पोचत नाही, २.४ रडत-खडत पोचतं. वायफाय वाढवायची स्वस्त डबी घेऊ नका, ती वेग निम्मा करते. भिंतीला जुनं भोक असतंच, त्यातून कॅट ६ लॅन केबल माजघरात न्या आणि तिथं दुसरा राउटर अ‍ॅक्सेस पॉइंट म्हणून (फक्त वायफाय पसरवायला) लावा. त्याचं डीएचसीपी (मोबाईल-लॅपटॉपला नेटवर्कचे पत्ते वाटायचं काम) बंद करायचं. ओएनयू कोनाड्यातून काढून चार फूट उंचीवर मोकळ्या भिंतीला लावा. लोखंडी कपाटाजवळ नको.

बालाघाट

आणखी एक खूण. पॉवर चांगली आहे, पण पॉनची (ओएलटीशी जोडणी दाखवणारी) हिरवी लाईट नुसती लुकलुकतेय, तर काचेचा काही संबंध नाही. नव्या ओएनयूचा सिरीयल नंबर ओएलटीवर चढवलेला नसतो. पॉन स्थिर आणि इंटरनेटची लाईट बंद किंवा लाल, तर पीपीपीओईचा (लॉगिनचा) पासवर्ड किंवा व्हीलॅनची (लाईनीच्या क्रमांकाची) सेटिंग चुकलेली. दोन्ही कामं ऑफिसातून होतात, खांबावर माणूस पाठवायची गरज नसते.

एका स्प्लिटरवरची सगळी घरं थोड्या थोड्या वेळानं पडत असतील तर एखादा बिघडलेला ओएनयू सतत उजेड फेकत असण्याची शक्यता असते. प्रत्येक ओएनयूनं आपल्या पाळीलाच उजेड टाकायचा असतो. तो पाळी सोडून टाकू लागला की बाकीच्यांचं ओएलटीला ऐकूच येत नाही. डब्यातून एक-एक आउटपुट काढत जा, ज्याच्यानंतर बाकीचे सुधारतात तोच.

सेलूकर

लोडशेडिंगसाठी मिनी यूपीएस घ्यायचाय. ८८०० एमएएच लिहिलेला मिळतोय. किती तास चालेल?

काळी_माती

आधी हे बघा की लाईट गेल्यावर, ओएनयू दुसरीकडून चालू ठेवला तर, लाल लाईट लागते का. लागत असेल तर ओएलटीचीच बॅटरी संपलेली असते आणि घरच्या यूपीएसचा उपयोग नाही.

८८०० हा आकडा ३.७ व्होल्टच्या सेलचा असतो. म्हणजे ३२ वॉट-तास. १२ व्होल्टला वाढवताना पाचवा हिस्सा जातो, उरले २६ च्या आसपास. ओएनयू वायफायसकट साधारण ८ वॉट खातो, म्हणजे नव्या बॅटरीवर तीन तास. ओएनयूच्या अडॉप्टरवर १२ व्होल्ट १ अँपिअर आहे की दीड, ते वाचून तेवढा किंवा त्याहून जास्त अँपिअरचा घ्या. व्होल्ट मात्र अगदी तेवढेच हवेत. ९ व्होल्टचे ओएनयूही आहेत, आणि त्याला १२ दिले तर जळतो. पिन दोन मापांत येते, ५.५ गुणिले २.१ आणि ५.५ गुणिले २.५ मिमी. २.५ ची पिन २.१ वाल्या सॉकेटमध्ये जातच नाही असं नाही, जाते, पण ढिली बसते आणि ओएनयू अधूनमधून रीस्टार्ट होत राहतो. जुनी पिन दुकानात घेऊन जा आणि लावून बघूनच घ्या. यूपीएस पत्र्याखालच्या फळीवर ठेवू नका, तिथं मे महिन्यात बॅटरी फुगते.